कोरियन चित्रपटांतली लपलेली इच्छा आणि आडवळणाने सांगितलेल्या गोष्टी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कोरियन सिनेमावर लिहायला लागल्यापासून तेच ते प्रश्न फिरून फिरून येत राहतात. त्यांची उत्तरं एका ठिकाणी असावीत म्हणून हे पान. प्रश्न वाचकांच्याच शब्दांत ठेवले आहेत. एकाच अर्थाचे चार आले तिथे एक घेतला आहे. उत्तर क्रमांक ४, ७, ८, ९ आणि १० मध्ये शेवट फुटतो. ते सिनेमे पाहायचे असतील तर आधी पाहा, मग इकडे या.

१. "दबलेली इच्छा" म्हणजे सरळ सांगायचं तर बोल्ड सीनच ना?

नाही. सगळ्यात जास्त वेळा येणारा प्रश्न हाच, म्हणून तो पहिला. मोलकरणीला मालकीणबाईंची जागा हवी असते. विधवेला घरी उतरलेला पाहुणा आवडतो. गावाकडच्या पोराला आपण लेखक आहोत असं कुणीतरी मानायला हवं असतं. यातली कुठलीच गोष्ट ते उघड बोलू शकत नाहीत. चांगले कोरियन दिग्दर्शक ती त्यांच्या तोंडी घालतही नाहीत. गोष्ट कोण सांगतंय, कुठल्या क्रमाने सांगतंय आणि नेमकं काय गाळतंय, यात ती इच्छा दडवलेली असते. म्हणून या पानावर "इच्छा" आणि "कथनाची पद्धत" असे दोन वेगळे कप्पे करता आले नाहीत.

उघडी दृश्यं काही सिनेमांत आहेत, त्याबद्दल प्रश्न १८ पाहा.

२. मी फक्त के-ड्रामा पाहिलेत. चित्रपटांची सुरुवात कुठून करू?

पार्क चान-वूकच्या 'डिसिजन टू लीव्ह' (२०२२) पासून. खून, पोलीस, संशयित बाई असा ओळखीचा रस्ता आहे, त्यामुळे हात धरायला काहीतरी मिळतं. मग त्याचाच 'द हँडमेडन' (२०१६), मग ली चांग-दोंगचा 'बर्निंग' (२०१८). एवढं पचलं की १९६० चा 'द हाऊसमेड'. हाँग सांग-सूपासून मात्र सुरुवात करू नका. तो आवडायला थोडी सवय लागते आणि पहिल्याच फटक्यात कंटाळलात तर दोष उगाच सगळ्या कोरियाला जाईल.

३. सगळे 'द हाऊसमेड'चं एवढं नाव का घेतात? काळा-पांढरा जुना सिनेमा आहे ना?

जुना आहे, पण आज पाहिला तरी अंगावर येतो. दिग्दर्शक किम गी-यंग. शिकला होता दंतवैद्यक, रमला सिनेमात. गोष्ट अशी: कापड गिरणीतल्या मुलींना गाणं शिकवणारा एक मास्तर आहे. बायको रात्रंदिवस शिवणयंत्रावर बसून पैसे जमवते, कारण दुमजली घर बांधायचंय. घर होतं, बायको थकून आजारी पडते, मोलकरीण ठेवावी लागते. ही पोरगी स्वयंपाकघरात आल्या आल्या उंदीर हाताने पकडते, आणि तिथेच प्रेक्षकाला कळतं की आता या घराचं काही खरं नाही.

पुढचं प्रकरण, गर्भ, विष हे सगळं आहेच. पण माझ्या मते या सिनेमातली पहिली लपलेली इच्छा मोलकरणीची नाही, मालकिणीची आहे: तो जिना, तो वरचा मजला, तो पियानो. युद्धातून उठलेल्या देशात मध्यमवर्ग नुकता उभा राहत होता, आणि वर चढण्याची त्याची हाव दिग्दर्शकाने एका लाकडी जिन्यात घातली. सिनेमातली जवळजवळ प्रत्येक वाईट गोष्ट त्या जिन्यावर किंवा जिन्यामुळे घडते. बोंग जून-होने 'पॅरासाइट' (२०१९) साठी या सिनेमाचं ऋण मोकळेपणाने मान्य केलंय. दोन्ही पाठोपाठ पाहा, जिने मोजत बसाल.

काळही महत्त्वाचा. एप्रिल १९६० मध्ये विद्यार्थ्यांच्या उठावाने राष्ट्राध्यक्ष सिंगमन री यांची सत्ता गेली आणि मे १९६१ मध्ये लष्कराने सत्ता घेतली. मधल्या त्या छोट्याशा मोकळ्या काळात हा सिनेमा आला. वर्षभर उशीर झाला असता तर तो असाच राहिला असता का, याची मला शंका आहे.

किम गी-यंगने ही गोष्ट स्वतःच पुन्हा पुन्हा केली: 'वुमन ऑफ फायर' (१९७१) आणि नंतर १९८२ मध्ये तिचीच नवी आवृत्ती. १९७१ च्या सिनेमातून युन यो-जंगने चित्रपटांत पदार्पण केलं. तिला २०२१ मध्ये 'मिनारी'साठी ऑस्कर मिळालं तेव्हा मंचावरून तिने आपल्या या पहिल्या दिग्दर्शकाचे आभार मानले. तो मात्र १९९८ मध्येच, बर्लिन महोत्सवात त्याच्या चित्रपटांचा विशेष विभाग व्हायच्या थोडे दिवस आधी, घराला लागलेल्या आगीत पत्नीसह गेला.

४. मग 'द हाऊसमेड'च्या शेवटी तो मास्तर कॅमेऱ्याकडे बघून हसत भाषण का देतो? सगळा परिणामच घालवला.

अनेकांना असंच वाटतं. पावणेदोन तास जीव मुठीत धरून बसायचं आणि शेवटी कळायचं की नवरा बायकोला वर्तमानपत्रातली बातमी वाचून दाखवत होता. तो प्रेक्षकांकडे वळून म्हणतो की पुरुषांचं हे असं होतं, सांभाळा, तुमचंही होऊ शकतं. सेन्सॉरला आणि सज्जनांना शांत करण्यासाठी लावलेली शेपटी, असं त्याचं सोपं स्पष्टीकरण देता येतं.

पण त्या शेवटच्या दृश्यात मागे कोण आहे ते पाहा. तीच मोलकरीण त्याच घरात आहे. म्हणजे जे "घडलंच नाही" ते घडायला लागणारी सगळी माणसं तिथे जागच्या जागी आहेत. आणि आपण पाहिली ती भयकथा नेमकी कुणाच्या डोक्यातली? बातमी वाचणाऱ्या नवऱ्याच्या. हे लक्षात आलं की त्याचं हसणं उपदेशाचं वाटत नाही. पकडल्या गेलेल्या माणसाचं वाटतं.

इम सांग-सूने २०१० मध्ये केलेल्या नव्या 'हाऊसमेड'मध्ये हे सगळं उलटं आहे: घर गर्भश्रीमंताचं, मोलकरीण निष्पाप. देखणा आहे, जॉन दो-यन उत्तम आहे, पण दोष सगळा श्रीमंतांकडे ढकलल्यामुळे आपण बघणारे फार सहज सुटतो.

५. 'मदर अँड अ गेस्ट'मध्ये गोष्ट एका लहान मुलीच्या तोंडून का सांगितली आहे?

कारण आई ती सांगूच शकत नाही. शिन सांग-ओकचा हा १९६१ चा सिनेमा, चू यो-सपच्या १९३५ मधल्या कथेवरून केलेला. तरुण विधवा, सासू, सहा वर्षांची ओक-ही, आणि बाहेरच्या खोलीत राहायला आलेले, मृत वडिलांचे मित्र. ओक-ही दोघांमध्ये ये-जा करते. काकांना उकडलेली अंडी आवडतात हे ती आईला येऊन सांगते, आणि त्या दिवसापासून घरात जास्त अंडी घेतली जाऊ लागतात. मुलीला आनंद एवढाच की आपल्यालाही अंडी मिळतात.

सगळं आपल्याला दिसतं आणि सांगणारीला त्यातलं काहीच कळत नाही, ही युक्ती आहे. एरवी असभ्य ठरली असती अशी इच्छा मुलीच्या निरागसपणाआडून बिनबोभाट पडद्यावर येते. मराठी वाचकाला इथे 'पण लक्षात कोण घेतो' आठवणं साहजिक आहे, पण तिथे यमू स्वतःच बोलते, आपलं दुःख आपल्या तोंडाने मांडते. इथल्या आईला तेवढीही सोय नाही.

(आईचं काम केलंय छ्वे इन-हीने, दिग्दर्शकाच्या पत्नीने. पुढे १९७८ मध्ये दोघांनाही उत्तर कोरियाने पळवून नेलं आणि १९८६ मध्ये ते व्हिएन्नात निसटले. त्या भानगडीवर अक्षरशः स्वतंत्र पान लागेल.)

६. तिकडे सेन्सॉर इतकं कडक होतं का?

होतं, आणि विचित्र होतं. १९६२ च्या चित्रपट कायद्यानंतर आणि विशेषतः पार्क चुंग-हीच्या १९७० च्या दशकातल्या राजवटीत पटकथेपासून कात्री चालायची. ली मान-हीचा 'अ डे ऑफ' (१९६८) हे त्याचं ठळक उदाहरण. खिशात पैसे नसलेलं जोडपं, रविवार, नको असलेली गर्भधारणा. सिनेमा फार निराश आहे म्हणून बदल सुचवले गेले, करणाऱ्यांनी ते मानले नाहीत, आणि तो डब्यात गेला. लोकांसमोर आला २००५ मध्ये.

विचित्र अशासाठी, की त्याच काळात शहरात येऊन बारमध्ये काम करणाऱ्या मुलींच्या करुण कहाण्या मात्र धडाक्याने चालत होत्या. राजकारण बोलायचं नाही, बाईचं शरीर दाखवलं तर एक वेळ चालेल, असा तो सौदा. १९८२ मध्ये रात्रीची संचारबंदी उठली आणि मध्यरात्रीच्या खेळांना 'मादाम एमा'ने गर्दी खेचली, तेव्हा चुन डू-ह्वानच्या राजवटीला ते सोयीचंच होतं.

४ ऑक्टोबर १९९६ रोजी घटना न्यायालयाने चित्रपटांची पूर्वतपासणी घटनाबाह्य ठरवली. पुढच्या दहा वर्षांत कोरियन सिनेमा जो उसळला त्यामागे हा एक मोठा धक्का आहे.

कायद्याची दुसरी बाजू लोक विसरतात. व्यभिचार हा कोरियात दोन वर्षांपर्यंत कैदेचा गुन्हा होता, तो थेट २६ फेब्रुवारी २०१५ पर्यंत. जुन्या सिनेमात पात्रं घाबरतात ती फक्त "लोक काय म्हणतील" म्हणून नव्हे. पोलीस येऊ शकत होते.

७. बंधनं गेली, तरी गोष्ट सरळ का सांगत नाहीत? उलटसुलट क्रम कशासाठी?

सवय म्हणा हवं तर. पण चांगल्या सिनेमात त्याला कारण असतं. ली चांग-दोंगचा 'पेपरमिंट कँडी' घ्या. तो १ जानेवारी २००० ला प्रदर्शित झाला. सुरुवातीला एक माणूस रेल्वेरुळांवर उभा राहून "मला परत जायचंय" असं ओरडतो, आणि मग सिनेमा खरंच मागे जातो, १९९९ पासून १९७९ पर्यंत, सात टप्प्यांत. मधे आगगाडीचं दृश्य उलटं फिरवलेलं. १९९७ चं आर्थिक संकट, पोलिसी छळ, १९८० चं ग्वांगजू (लोकशाहीसाठी उठलेल्या शहरावर लष्कराने केलेला गोळीबार) असं एकेक थर उतरत जातं. त्या माणसाला काय हवं होतं ते शेवटी कळतं: नदीकाठी फुलांचे फोटो काढायचे होते. सरळ क्रमाने सांगितली असती तर "चांगला मुलगा बिघडला" अशी गोष्ट झाली असती. उलट्या क्रमाने ती इच्छा शेवटपर्यंत हरवलेली राहते आणि सापडते तेव्हा आपल्याला तिचं पुढे काय होणार ते माहीत असतं.

'मेमेंटो मोरी' (१९९९) मध्ये दोन शाळकरी मुलींचं प्रेम तिसरीला सापडलेल्या वहीतून उलगडतं, पानं जशी उघडतील तसं. भुताचा सिनेमा म्हणून विकला गेला. भूत त्यात सर्वांत कमी भीतिदायक आहे.

८. 'द हँडमेडन'मध्ये तेच प्रसंग पुन्हा का दाखवतात? मी मधेच बंद केला.

नेमका चुकीच्या जागी बंद केलात. सिनेमा तीन भागांत आहे. १९३० च्या दशकातला, जपानच्या ताब्यातला कोरिया. खिसेकापूंमध्ये वाढलेली सूक-ही एका ठगाच्या सांगण्यावरून हिदेको या श्रीमंत जपानी मुलीची दासी बनते. तिला वेड्यांच्या इस्पितळात पोहोचवून संपत्ती लाटायचा बेत आहे. पहिला भाग सूक-हीच्या नजरेतून. तो संपतो तेव्हा इस्पितळात कोंडली जाते ती सूक-हीच.

दुसऱ्या भागात तीच घटना हिदेकोच्या बाजूने येते, आणि आपण "मालकीण" समजत होतो तिचं आयुष्य काय होतं ते कळतं. काका तिला लहानपणापासून अश्लील ग्रंथ वाचायला शिकवतो आणि पैसेवाल्या पुरुषांसमोर तिच्याकडून ते वाचून घेतो. म्हणजे या घरात इच्छा नेहमी दुसऱ्या कुणीतरी लिहिलेली असते, बाईने फक्त उच्चारायची. म्हणूनच सूक-ही तो ग्रंथसंग्रह फाडते, शाई ओतते, पाण्यात बुडवते ते दृश्य मला सगळ्या शय्यादृश्यांपेक्षा जास्त उत्कट वाटतं.

पुन्हा दाखवलेले प्रसंग हुबेहूब तेच नाहीत. पहिल्या खेपेला कॅमेरा जिथे वळला नव्हता तिथे दुसऱ्या खेपेला वळतो. एक सूचना: घरात जपानी आणि कोरियन दोन्ही भाषा बोलल्या जातात आणि कोण कधी कुठली भाषा निवडतं यात बरंच काही आहे. सबटायटलमध्ये दोन्हींना वेगळे रंग असलेली प्रत मिळाली तर तीच पाहा.

९. 'बर्निंग'मध्ये हे-मीचं शेवटी झालं काय? बेनने मारलं का?

सिनेमा उत्तर देत नाही, आणि इंटरनेटवरची "पक्की" स्पष्टीकरणं वाचून समाधान मानणाऱ्यांचा मला हेवा वाटतो.

बेनच्या विरोधात पुरावे आहेत: न्हाणीघरातल्या खणात बायकांचे दागिने, त्यात हे-मीचं असावं असं गुलाबी घड्याळ, आणि "बॉयल" या हे-मीच्या मांजरीच्या नावाने हाक मारल्यावर जवळ येणारी मांजर. दर दोन महिन्यांनी एक जुनं प्लॅस्टिकचं हरितगृह जाळतो, असं तो स्वतःच सांगतो. पण हे सगळं आपण हे-मीवर जीव जडलेल्या जाँग-सूबरोबर पाहतो. जाँग-सू बेकार आहे, पाजूमधल्या त्याच्या घरी सीमेपलीकडचे उत्तर कोरियाचे भोंगे ऐकू येतात, बाप तुरुंगाच्या वाटेवर आहे, आणि समोर पॉर्शे चालवणारा, काम काय करतो हे कुणालाच ठाऊक नसलेला तरुण. हे-मी नाहीशी झाली याचं दुःख कुठे संपतं आणि बेनचा मत्सर कुठे सुरू होतो, हे त्याचं त्यालाही सांगता येणार नाही.

आणखी एक खूण. हे-मी म्हणते की लहानपणी ती विहिरीत पडली होती. कुणी सांगतं तिथे विहीर नव्हती, जाँग-सूची आई म्हणते होती. संत्रं सोलण्याचा मूकाभिनय करताना हे-मी सांगते: संत्रं आहे असं मानायचं नाही, संत्रं नाही हे विसरायचं. सिनेमा कसा पाहायचा याची किल्लीच तिने पहिल्या अर्ध्या तासात हातात दिलेली असते.

शेवटाकडे जाँग-सू हे-मीच्या खोलीत बसून लिहायला लागतो. कॅमेरा खिडकीतून बाहेर जातो. त्यानंतर जाँग-सू हजर नसलेलं दृश्य येतं, आणि तोवर सिनेमाने त्याची पाठ सोडलेली नसते. मग खून, आग. हे घडलं, की त्याने अखेर लिहिलेली कादंबरी आहे ही? मी दुसऱ्या बाजूला झुकतो. लेखक व्हायची त्याची इच्छा अशी पुरी झाली असेल तर ते खुनापेक्षा बरं की वाईट, ते तुम्ही ठरवा.

१०. 'डिसिजन टू लीव्ह'मध्ये नायक-नायिकेत काहीच होत नाही, मग याला प्रेमकथा का म्हणतात?

एका चुंबनापलीकडे होत नाही हे खरं. पण नायक पोलीस आहे, तो रात्र रात्र संशयित नायिकेच्या खिडकीसमोर गाडीत बसून पाळत ठेवतो आणि दिग्दर्शक त्याला थेट तिच्या खोलीत, तिच्या शेजारी उभा केलेला दाखवतो. पाळतीच्या नोंदी तो बोलून टिपतो, पुढे तीच ध्वनिमुद्रणं ती ऐकते. ती चिनी आहे. मनातलं बोलायची वेळ आली की फोनवरच्या भाषांतराला बोलू देते. जवळीक आहे ती अशी यंत्रांतून गाळून आलेली. त्याने कर्तव्य मोडून तिला वाचवलं तो क्षण त्याच्यासाठी पराभवाचा आणि तिच्यासाठी प्रेमाच्या कबुलीचा. एकच घटना, दोघांच्या हिशोबात वेगळ्या खात्यात. शेवटी ती वाळूत खड्डा खणून भरतीची वाट पाहते, कारण न सुटलेल्या खटल्यासारखं त्याच्या मनात राहायचं असेल तर तिला हा एकच मार्ग दिसतो.

कान महोत्सवात या सिनेमासाठी पार्कला सर्वोत्तम दिग्दर्शकाचा पुरस्कार मिळाला.

११. हाँग सांग-सूच्या सिनेमात माणसं फक्त सोजू पितात आणि बोलतात. त्यात काय आहे?

'राइट नाऊ, राँग देन' (२०१५) पाहा. एक दिग्दर्शक आपल्या सिनेमाच्या खेळासाठी सुवन शहरात एक दिवस आधी पोहोचतो, चित्रकार तरुणी भेटते, गप्पा, दारू, रात्र. अर्ध्यावर सिनेमा संपतो आणि तोच दिवस पुन्हा सुरू होतो. पहिल्या खेपेला तो तिच्या चित्रांची तोंडभर स्तुती करतो आणि आपलं लग्न झाल्याचं लपवतो. दुसऱ्या खेपेला चित्राबद्दल खरं बोलतो, लग्नाचंही सांगतो. फरक चिमूटभर, पण संध्याकाळ पार वेगळीकडे जाते. लोकार्नो चित्रपट महोत्सवात त्याला सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

हाँग दिवसाचे संवाद त्याच सकाळी लिहितो. एकेक दृश्य न कापता लांबच लांब चालतं, मधेच कॅमेरा झूम करून एका चेहऱ्याजवळ जातो. त्याची पुरुषपात्रं दारू चढेपर्यंत सुसंस्कृत असतात. तिसऱ्या बाटलीनंतर जे बाहेर पडतं त्यासाठी सिनेमा थांबलेला असतो.

१२. खाण्याची दृश्यं इतकी का असतात?

कारण जे बोलता येत नाही ते वाढता येतं. उकडलेल्या अंड्यांचं वर आलंच (प्रश्न ५). 'वन फाइन स्प्रिंग डे' (२००१) मध्ये ती त्याला विचारते, रामेन खाणार का, आणि हे वाक्य कोरियात इतकं गाजलं की आता रामेनचं आमंत्रण साधं आमंत्रण राहिलेलं नाही. 'डिसिजन टू लीव्ह'मध्ये चौकशीच्या खोलीत तो संशयित बाईसाठी महागडं सुशी मागवतो. जेवण झाल्यावर दोघं न बोलता टेबल असं आवरतात की वर्षानुवर्षं संसार केल्यासारखे. माझ्या मते तिथेच त्यांचं लग्न लागतं.

१३. यात पुरुष दिग्दर्शकच जास्त आहेत. बाईची इच्छा त्यांना कळते का?

नेहमी नाही. 'ओॲसिस' (२००२) घ्या. सेरेब्रल पाल्सी असलेली तरुणी आणि तुरुंगातून सुटलेला, सगळ्यांना नकोसा झालेला तरुण. तिला काय हवंय ते दिग्दर्शक अचानक दाखवतो: मेट्रोच्या डब्यात ती सहज उठून उभी राहते, त्याची थट्टा करते. भिंतीवरच्या कापडी चित्रातली भारतीय वेशातली बाई, मुलगा आणि हत्तीचं पिल्लू खोलीत उतरून नाचतात. मून सो-रीचा अभिनय थक्क करतो. पण हे नातं सुरू होतं बलात्काराच्या प्रयत्नाने, आणि सिनेमा ते ज्या वेगाने मागे टाकतो ते मला आजही खटकतं.

त्यावर उतारा म्हणून किम बो-राचा 'हाऊस ऑफ हमिंगबर्ड' पाहा. १९९४ चं सोल, चौदा वर्षांची उन-ही, घरात मारणारा भाऊ, दुकानात राबणारे आईबाप. तिला मैत्रीण हवी आहे, मित्र हवा आहे, शिकवणीच्या बाईंनी आपल्याकडे पाहायला हवंय, आणि यातल्या कशाला काय म्हणायचं हे तिला माहीत नाही. त्या वर्षी २१ ऑक्टोबरला कोसळलेला सोंगसू पूल या गोष्टीत कसा येतो ते सांगत नाही.

१४. समलिंगी प्रेमाबद्दल मुख्य प्रवाहात सिनेमे आहेत का?

आहेत, पण बरेचदा आडोशाने. 'द किंग अँड द क्लाऊन' (२००५) जोसन या जुन्या राजघराण्याच्या काळातले डोंबारी आणि राजा यांच्या आडोशाने बोलतो, आणि तो १ कोटी २० लाखांहून जास्त लोकांनी पाहिला. 'मूनलिट विंटर' (२०१९) मध्ये आईला जपानहून आलेलं पत्र मुलगी चोरून वाचते आणि काही न बोलता आईला ओतारूच्या बर्फात घेऊन जाते. 'मेमेंटो मोरी' प्रश्न ७ मध्ये, 'हँडमेडन' ८ मध्ये.

१५. किम की-दुक पाहावा की नाही?

भारतात त्याचा चाहतावर्ग मोठा, म्हणून हा प्रश्न सुटत नाही. '३-आयर्न' (२००४) हा शब्दांशिवाय इच्छा दाखवण्याचा कमालीचा नमुना आहे: रिकाम्या घरात शिरून कपडे धुणारा, बिघडलेल्या वस्तू दुरुस्त करणारा तरुण, आणि मार खाणारी बायको. दोघांत संवाद जवळपास नाही. दुसरीकडे, चित्रीकरणात अभिनेत्रीला मारल्याबद्दल त्याला दंड झाला होता आणि २०१८ मध्ये अनेक जणींनी लैंगिक अत्याचाराचे आरोप केले. ते त्याने नाकारले. डिसेंबर २०२० मध्ये तो लाटव्हियात वारला. मी त्याचे सिनेमे पाहण्याची शिफारस आता आपणहून करत नाही. कुणी पाहतो म्हटलं तर अडवतही नाही.

१६. हे बरेच सिनेमे परदेशी पुस्तकांवरचे आहेत. मग त्यात कोरियन काय?

'हँडमेडन' सारा वॉटर्सच्या इंग्रजी कादंबरीवर, 'बर्निंग' जपानी लेखक मुराकामीच्या कथेवर, व्हॅम्पायर झालेल्या पाद्र्याचा 'थर्स्ट' (२००९) फ्रेंच लेखक झोलाच्या कादंबरीवर, 'अनटोल्ड स्कँडल' (२००३) अठराव्या शतकातल्या फ्रेंच कादंबरीवर. सांगाडा बाहेरचा, पण तो कुठे रोवला ते पाहा. 'हँडमेडन' व्हिक्टोरियन लंडनमधून वसाहतीच्या कोरियात आणल्यावर मालक आणि नोकर यांच्यात राज्यकर्ते आणि गुलाम हेही नातं आलं. जपानी बनू पाहणारा तो कोरियन काका मूळ कादंबरीत असणं शक्यच नव्हतं. 'बर्निंग'मध्ये मुराकामीच्या निवांत निवेदकाच्या जागी संतापलेला बेरोजगार आला, आणि गोष्टीला दात फुटले.

१७. 'पास्ट लाइव्ह्ज' आणि 'मिनारी' यात का नाहीत?

दोन्ही अमेरिकन चित्रपट आहेत, भाषा बरीचशी कोरियन असली तरी. 'पास्ट लाइव्ह्ज' (२०२३) मध्येही न बोललेली इच्छा आहे, पण तिथे पात्रं तिच्याबद्दल शांतपणे, समंजसपणे चर्चा करतात. नवराही. वरच्या सिनेमांतल्या कुणालाही ही चैन परवडलेली नाही. सुंदर सिनेमा आहे, या पानात बसत नाही एवढंच.

१८. घरच्यांसोबत पाहता येतील का?

'मदर अँड अ गेस्ट', 'मूनलिट विंटर', 'हाऊस ऑफ हमिंगबर्ड' निश्चिंत पाहा. 'डिसिजन टू लीव्ह'ला कोरियात १५ वर्षांवरील असं प्रमाणपत्र होतं, प्रेतं वगळता अवघडायचं फारसं कारण नाही. 'हँडमेडन', 'थर्स्ट', 'ओॲसिस', '३-आयर्न' एकट्याने किंवा सारख्या मनाच्या माणसांबरोबर. १९६० च्या 'हाऊसमेड'मध्ये दिसत काहीच नाही, तरी लहान मुलं असतील तर नको. मुलांच्या बाबतीत तो सिनेमा निर्दय आहे.

१९. जुने सिनेमे मिळतात कुठे? प्रत इतकी खराब का असते?

कोरियन फिल्म आर्काइव्हने यूट्यूबवर जुन्या चित्रपटांची वाहिनी चालवली आहे, इंग्रजी सबटायटलसह आणि फुकट. 'द हाऊसमेड' आणि 'मादाम फ्रीडम' (१९५६) तिथे आहेत. प्राध्यापकाची बायको नोकरीला लागते आणि नाचायला शिकते, एवढ्यावरून गदारोळ माजवणारा तो 'मादाम फ्रीडम'. 'हाऊसमेड'ची दोन रिळं हरवली होती. ती सापडली तेव्हा त्यांवर हाताने लिहिलेली मोठाली इंग्रजी सबटायटलं होती. २००८ मध्ये मार्टिन स्कॉर्सेसीच्या संस्थेच्या मदतीने सिनेमा पुन्हा उभा केला तेव्हा ती अक्षरं डिजिटल पद्धतीने पुसावी लागली, म्हणून मधला काही भाग बाकीच्यापेक्षा धूसर दिसतो. तुमच्या इंटरनेटचा त्यात दोष नाही.

ली मान-हीचा १९६६ चा 'लेट ऑटम' कुठे मिळेल असंही बरेच जण विचारतात. त्याची प्रत उरलेली नाही. २०१० मध्ये किम थे-योंगने तांग वेईला घेऊन केलेला त्याच नावाचा चित्रपट पाहा, 'डिसिजन टू लीव्ह'ची नायिका तीच.